हौस, मानधन आणि वेतन : केट गिल यांच्या निमित्ताने

मराठीत ‘हौशी’ या शब्दाला एक प्रतिष्ठा आहे. हौशी रंगभूमीने आपल्याला नट दिले, दिग्दर्शक दिले. पैशाकडे न पाहता केलेल्या कामाविषयी आपल्या मनात आदर असतो. परंतु हाच शब्द आपण दुसऱ्याच्या श्रमाला लावतो, तेव्हा त्याचा अर्थ पालटतो. ‘ती हे हौसेने करते’ या वाक्याचा उत्तरार्ध बहुधा उच्चारला जात नाही. तो असा असतो, की ‘मग तिला पैसे कशाला?’ स्त्रियांच्या फुटबॉलचा शंभर वर्षांचा इतिहास हा या न उच्चारलेल्या उत्तरार्धाशी झालेल्या झगड्याचा इतिहास आहे, असे आम्हांला वाटते. ऑस्ट्रेलियाच्या कॅथरिन ऊर्फ केट गिल यांची वाटचाल त्या दृष्टीने वाचण्याजोगी आहे.

या झगड्याची सुरुवात इंग्लंडमध्ये दिसते. 26 डिसेंबर 1920 रोजी लिव्हरपूलच्या गुडिसन पार्कवर ‘डिक, कर लेडीज’ या प्रेस्टनच्या कारखान्यातील स्त्रियांच्या संघाचा सामना पाहायला सुमारे 53,000 प्रेक्षक जमले होते. जेमतेम वर्षभरात, 5 डिसेंबर 1921 रोजी, इंग्लंडच्या फुटबॉल असोसिएशनने आपल्या सदस्य क्लबांची मैदाने स्त्रियांना बंद केली. हा खेळ स्त्रियांना मानवणारा नाही, हे त्या ठरावातले एक कारण सर्वांना ठाऊक असते. दुसऱ्या कारणाची चर्चा कमी होते. धर्मादाय कामासाठी जमलेल्या पैशांतला अवाजवी भाग खर्चापोटी जातो, असा आक्षेपही त्याच ठरावात होता. म्हणजे बंदीच्या मुळाशी सोवळेपणा होता तसा हिशेबही होता. ती उठायला सुमारे पन्नास वर्षे लागली.

ऑस्ट्रेलियाच्या महिला संघाचा पहिला अधिकृत आंतरराष्ट्रीय सामना 1979 साली सिडनीत न्यूझीलंडविरुद्ध झाला. त्या संघातील खेळाडूंनी आपल्या पोशाखावरची राष्ट्रीय बोधचिन्हे स्वतःच्या हातांनी शिवली, ही हकीकत आज तेथे कौतुकाने सांगितली जाते. संघाला ‘मटिल्डाज’ हे नाव 1995 मध्ये दूरचित्रवाणीच्या प्रेक्षकांच्या मतदानातून मिळाले. 1999 मध्ये सिडनी ऑलिंपिकच्या तोंडावर निधी आणि प्रसिद्धी मिळवण्यासाठी याच खेळाडूंनी स्वतःच्या विवस्त्र छायाचित्रांची दिनदर्शिका काढली. त्यावर नीतीच्या अंगाने पुष्कळ बोलले गेले; पण राष्ट्रीय संघाला असा मार्ग का शोधावा लागला, हा प्रश्न अधिक मोलाचा होता.

गिल यांचा जन्म 1984 साली ऑकलंडमध्ये झाला. 2004 पासून आघाडीच्या फळीत खेळताना त्यांनी ऑस्ट्रेलियासाठी 86 सामन्यांत 41 गोल केले. 2010 मध्ये ऑस्ट्रेलियाने चीनमधील चेंगडू येथे महिलांचा आशियाई चषक जिंकला आणि त्याच वर्षी आशियाई फुटबॉल महासंघाने त्यांना सर्वोत्कृष्ट महिला खेळाडू म्हणून गौरवले. त्या स्वीडनमधील क्लबांकडून खेळल्या, पर्थ ग्लोरीकडूनही खेळल्या. 2015 च्या विश्वचषकासाठी त्यांची निवड झाली नाही. त्या वर्षी खेळाडू म्हणून निवृत्त झालेल्या गिल ‘प्रोफेशनल फुटबॉलर्स ऑस्ट्रेलिया’ या खेळाडूंच्या संघटनेच्या कामात शिरल्या. ही संघटना 1993 साली स्थापन झाली होती, आणि ती मुळात पुरुष खेळाडूंनी उभारलेली होती.

ते वर्षच निर्णायक ठरले. कॅनडातील विश्वचषकात या संघाने ब्राझीलला हरवून उपांत्यपूर्व फेरी गाठली होती. एवढ्या यशानंतरही त्यांच्या मूळ कराराची रक्कम वर्षाला 21,000 ऑस्ट्रेलियन डॉलर, म्हणजे त्या देशातील पूर्णवेळ किमान वेतनाहून बरीच कमी होती. आणि जुना करार संपल्याने दोन महिने तीही हाती पडली नव्हती. सप्टेंबर 2015 मध्ये, जगज्जेत्या अमेरिकेविरुद्धच्या दोन सामन्यांचा दौरा तोंडावर असताना, खेळाडूंनी जायला नकार दिला. दौरा रद्द झाला. या नकाराला ‘संप’ हाच शब्द योग्य आहे. देशासाठी खेळणे हा सन्मान आहे, हे त्यांना मान्यच होते. सन्मान हा मोबदल्याचा पर्याय होऊ शकतो, हे मात्र त्यांनी नाकारले. नोव्हेंबरमध्ये नवा करार झाला आणि वरच्या श्रेणीतील खेळाडूंची मूळ रक्कम 41,000 डॉलरच्या घरात गेली.

2017 मध्ये देशांतर्गत महिला लीगसाठी पहिला सामूहिक करार झाला आणि मोसमाला किमान 10,000 डॉलरची हमी मिळाली. नोव्हेंबर 2019 च्या कराराने पुरुष आणि महिला अशा दोन्ही राष्ट्रीय संघांना एकाच दस्तऐवजाखाली आणले. दोन्ही संघांनी मिळवलेल्या उत्पन्नाची एकत्र बेरीज करायची, त्यातील 24 टक्क्यांपासून दरवर्षी एक टक्क्याने वाढत जाणारा हिस्सा खेळाडूंना द्यायचा आणि तो दोन्ही संघांनी समान वाटून घ्यायचा, असे त्याचे सूत्र होते. शिवाय खेळाडूंनी आपल्या हिश्श्यातील पाच टक्के रक्कम युवा राष्ट्रीय संघांसाठी ठेवली. पुरुष खेळाडूंनी या सूत्राला मान्यता दिली, हे विसरता कामा नये. पुरुषांनी उभारलेली संघटना स्त्रियांचीही झाली, याचा अर्थ त्या दिवशी कागदावर उतरला.

तरीही ‘समान वेतन मिळाले’ असे म्हणून हे प्रकरण मिटवता येत नाही. सामन्यांच्या बक्षिसाची थैली फिफाच्या हातात असते. 2018 च्या विश्वचषकात ऑस्ट्रेलियाचा पुरुष संघ तीनपैकी दोन सामने हरला, एक बरोबरीत सुटला आणि तो गटातच बाद झाला. तरी अशा संघाला 80 लाख अमेरिकी डॉलर मिळत होते. 2019 मध्ये महिला संघ बाद फेरीत पोहोचला आणि नॉर्वेकडून पेनल्टीवर हरला. त्या टप्प्याचे बक्षीस 10 लाख डॉलर होते. थैलीतला वाटा समान असला, तरी थैल्याच असमान होत्या. 2023 चा विश्वचषक ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडमध्ये झाला, तेव्हा गिल बो बुश यांच्यासह संघटनेच्या सहमुख्याधिकारी होत्या. स्पर्धेपूर्वी मटिल्डाजनी एक चित्रफीत प्रसृत केली. बक्षिसाची रक्कम पुरुषांच्या तुलनेत केवळ एक चतुर्थांश आहे, याकडे त्यांनी लक्ष वेधले. सामूहिक वाटाघाटीचा हक्कच नसलेल्या इतर देशांतील खेळाडूंचा उल्लेखही त्यांनी केला. स्वतःचा करार झाल्यानंतर दुसऱ्यांच्या कराराविषयी बोलणे, ही संघटनेच्या प्रौढपणाची खूण होय.

हा संघ आपल्यालाही अगदीच अनोळखी नाही. जानेवारी-फेब्रुवारी 2022 मध्ये महिलांचा आशियाई चषक मुंबई, नवी मुंबई आणि पुणे येथे झाला. अंधेरीत याच संघाने इंडोनेशियाला 18-0 असे हरवले आणि पुण्यात तो दक्षिण कोरियाकडून 0-1 असा पराभूत झाला. यजमान भारतीय संघाला मात्र कोविडच्या प्रादुर्भावामुळे तैवानविरुद्ध पुरेशा खेळाडू मैदानात उतरवता आल्या नाहीत आणि स्पर्धेतून बाहेर पडावे लागले. या सामन्यांचे आकडे कोठेही सापडतात. अंधेरीत उतरलेल्या त्या अकराजणींच्या पाठीशी कोणता करार होता, हे त्या आकड्यांत दिसत नाही.

इतिहासलेखनाचा प्रश्न येथे उपस्थित होतो. गोलाची नोंद मिनिटासह होते. करारातील एका कलमासाठी महिनोन्‌महिने झालेल्या बैठकांची नोंद होत नाही. कलम मंजूर झाले, की ते जणू आपोआप आले असे वाटू लागते. गिल यांचे 41 गोल हा त्यांच्या निवृत्तीच्या वेळी ऑस्ट्रेलियन महिलांमधील विक्रम होता, आणि तो पुढे मोडला गेला, जसा तो मोडायलाच हवा. 2019 च्या करारातील सूत्र मात्र मोडण्यासाठी नव्हते. पुढच्या पिढीने त्यावर उभे राहावे यासाठी होते. त्यामुळे त्यांच्या आयुष्याचे ‘खेळाडू’ आणि ‘नंतरची नोकरी’ असे दोन भाग पाडणे आम्हांला पटत नाही. दोन्ही कामांचे मैदान एकच होते.

आणि भाषेचे काय? आपल्याकडे अंगणवाडी सेविकांना, आशा कार्यकर्त्यांना, तासिका तत्त्वावर शिकवणाऱ्या अध्यापकांना मिळते ते ‘मानधन’. शब्द किती सुंदर आहे! मान आधी, धन नंतर. पण वेतन थकले तर हक्काने मागता येते. मानधन थकले तर मागणाराच ओशाळतो. साहित्याच्या वर्गात आपण शब्दांच्या अर्थच्छटा शिकवतो. या एका शब्दाची अर्थच्छटा, त्याच वर्गात तासाच्या हिशेबाने उभ्या असलेल्या आपल्या सहकाऱ्याला विचारून पाहावी.