घरातील इतिहास आणि अनुबोधपट

इतिहास म्हटला की दरबार, लढाया आणि तहनामे यांचेच चित्र डोळ्यांपुढे उभे राहते. परंतु एका घरातील आठवणी हाही इतिहासाचा पुरावा मानावा काय? अनुबोधपटाच्या वाटचालीने हा प्रश्न आपल्यापुढे आणून ठेवला आहे.

या वाटचालीचा आरंभ हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांच्यापासून होतो. मुंबईच्या या छायाचित्रकाराने १८९९ साली हँगिंग गार्डनमधील एक कुस्ती चित्रित केली आणि १९०१ साली विलायतेहून परतलेल्या रँग्लर परांजपे यांचे स्वागतही टिपले. पुढे १९४८ साली केंद्र सरकारने फिल्म्स डिव्हिजनची स्थापना केली. धरणे, कारखाने आणि शेती यांची ओळख तिच्या पटांनी गावोगावच्या प्रेक्षकांना करून दिली, हे तिचे श्रेय खरेच. मात्र पडद्यामागून बोलणारा आवाज बहुधा सरकारचा असे.

१९५० साली जन्मलेल्या आनंद पटवर्धन यांनी निराळा मार्ग धरला. १९७४ च्या बिहार आंदोलनावरील त्यांचा पट उसनवारीच्या साधनांनी तयार झाला आणि आणीबाणीच्या काळात त्याचे तुकडे करून तो गुप्तपणे परदेशी धाडावा लागला. ‘जंग और अमन’ या पटास परिनिरीक्षण मंडळाने अनेक कट सुचविले. ते मुंबई उच्च न्यायालयाने २००३ साली रद्द ठरविले. स्वतंत्र निर्मात्याला चित्रण करावे लागतेच, शिवाय ते दाखविण्याच्या हक्कासाठी झगडावेही लागते.

अशा या निर्मात्याने २०२३ साली प्रदर्शित झालेल्या ‘वसुधैव कुटुंबकम्’ या पटात आपले घरच विषय म्हणून निवडले. वडील वासुदेवराव हे अहमदनगरच्या पटवर्धन घराण्यातील. रावसाहेब आणि बेचाळीसच्या लढ्यातील भूमिगत नेते अच्युतराव हे त्यांचे बंधू. आई निर्मलाबाई मृत्पात्रकार असून मूळच्या सिंधमधील हैदराबादच्या. त्यामुळे या वृद्ध दांपत्याच्या साध्या गप्पांत एकीकडून स्वातंत्र्यलढा येतो, तर दुसरीकडून फाळणीने दुरावलेला मुलूख येतो.

अर्थात म्हातारपणीची स्मृती सनावळीत चुकू शकते. म्हणून ती कागदपत्रांशी ताडून पाहिलीच पाहिजे. पण सरकारी दप्तर ठराव सांगते, अटकेची तारीख सांगते. घरच्यांनी मागे काय सोसले आणि कशावर ते हसले, याची नोंद दप्तरात नसते. ती फक्त माणसांजवळ असते आणि माणसांबरोबरच नाहीशी होते.

पुणे असो, इंदूर असो वा उज्जैनच्या वाटेवरील सांवेर असो, चित्रण करण्याचे साधन आज हातोहाती पोहोचले आहे. लग्नमुंजींसाठी ते निघतेच. आजोबा-आजींना त्यांच्या गावाविषयी, शाळेविषयी, पाहिलेल्या दुष्काळाविषयी शांतपणे विचारावे आणि त्यांचे उत्तर मध्येच न तोडता टिपून ठेवावे. उद्याच्या इतिहासकाराला त्याचा उपयोग होईल. घरच्या मुलांना तर त्याहून आधी होईल.