डेट्रॉइटचे दोन सूर आणि एक वाद्यवृंद

संगीताचे प्रकार ठरविताना आपण सहसा राग, ताल, वाद्ये आणि गायकी यांचा विचार करतो. अमेरिकेत मात्र विसाव्या शतकात आणखी एक कसोटी प्रचारात होती : गाणारा कोणत्या वर्णाचा आणि तबकडी विकत घेणारा कोणत्या वर्णाचा. कृष्णवर्णीयांच्या ध्वनिमुद्रिकांना तेथील व्यापारी कित्येक वर्षे ‘रेस रेकॉर्ड्स’, म्हणजे वंशाच्या तबकड्या, असेच म्हणत. १९४९ मध्ये ‘बिलबोर्ड’ या व्यापारी साप्ताहिकाने ते नाव टाकून ‘ऱ्हिदम अँड ब्लूज’ हे नाव स्वीकारले आणि १९६९ मध्ये त्याच यादीला ‘सोल’ म्हटले. नावे सुधारली, यादी मात्र वेगळीच राहिली. या वेगळेपणाला ज्यांनी आपल्या वादनाने उत्तर दिले, त्यांत डेट्रॉइट शहरातील ‘डर्टबॉम्ब्स’ या वाद्यवृंदाची हकीकत ऐकण्याजोगी आहे.

डेट्रॉइट हे मिशिगन राज्यातील मोटारींचे शहर. दक्षिणेकडील कापसाच्या शेतांतून निघालेली असंख्य कृष्णवर्णीय कुटुंबे येथील कारखान्यांत कामाला आली आणि येताना आपल्या प्रार्थनामंदिरांतील गाणे बरोबर घेऊन आली. त्या गाण्यातील आर्त पुकार, टाळ्यांचा ठेका आणि गायकाला समूहाने दिलेली साथ ही सारी सामग्री प्रेमाच्या आणि संसाराच्या गीतांत उतरली, तेव्हा तिला सोल संगीत हे नाव मिळाले. बेरी गॉर्डी नावाच्या तरुणाने मोटारीच्या कारखान्यात काही काळ नोकरी केली होती. त्याने १९५९ मध्ये कुटुंबाच्या सामाईक निधीतून ८०० डॉलर उसने घेतले आणि ध्वनिमुद्रणाचा व्यवसाय आरंभिला. वेस्ट ग्रँड बुलेव्हार्ड या रस्त्यावरील एका साध्या घरात त्याची ‘मोटाउन’ संस्था वाढली. स्मोकी रॉबिन्सन, मार्व्हिन गे, स्टीव्ही वंडर हे गायक तेथूनच जगापुढे आले.

त्याच दशकात दुसरा एक प्रवाह उगम पावत होता. १९६४ मध्ये बीटल्स अमेरिकेत आले आणि गावोगावच्या पोरांनी गिटारी विकत घेतल्या. तालमीला जागा नाही म्हणून घरची मोटार बाहेर काढावयाची आणि त्या खोलीत वाजवावयाचे, अशी पद्धत पडली. मोटारीच्या खोलीवरूनच या संगीताला पुढे ‘गॅरेज रॉक’ म्हणू लागले. शिक्षण बेताचे, वाद्ये स्वस्त, आवाज कर्कश. पण उत्साह उदंड, असे त्याचे वर्णन करता येईल.

हे दोन प्रवाह वेगळे मानण्याची रीत व्यापाऱ्यांची होती, वादकांची नव्हती. मोटाउनच्या पहिल्या गाजलेल्या गाण्यांपैकी ‘मनी’ हे गाणे १९६३ मध्ये बीटल्सनीच पुन्हा मुद्रित केले. शॉर्टी लाँग या कृष्णवर्णीय गायकाचे १९६४ मधील ‘डेव्हिल विथ द ब्लू ड्रेस’ हे मोटाउनचेच गाणे मिच रायडर या डेट्रॉइटच्या गोऱ्या गायकाने १९६६ मध्ये दुप्पट वेगाने गायिले आणि देशभर लोकप्रिय केले. एका गल्लीतील सूर दुसऱ्या गल्लीत असा सहज जात होता.

पुढे हे जाणेयेणे कमी झाले. जुलै १९६७ मध्ये डेट्रॉइटमध्ये भीषण दंगल झाली आणि ४३ माणसे मरण पावली. गोऱ्या रहिवाशांचे उपनगरांकडे स्थलांतर आधीच चालू होते, ते अधिकच वाढले. १९७२ मध्ये मोटाउननेही आपले बिऱ्हाड लॉस एंजेलिसला हलविले. १९५० मध्ये साडेअठरा लाखांची वस्ती असलेले हे शहर २०१० मध्ये सुमारे सात लाखांवर आले. रॉक म्हणजे गोऱ्यांचे आणि सोल म्हणजे काळ्यांचे संगीत ही समजूत या विभागलेल्या शहरात घट्ट होत गेली.

मिक कॉलिन्स हा कृष्णवर्णीय कलावंत १९६५ मध्ये याच शहरात जन्मला. १९८६ मध्ये त्याने डॅन क्रोहा आणि पेगी ओनील यांच्यासह ‘गोरीज’ नावाचा त्रिकुटाचा बँड काढला. दोन गिटार आणि एक ढोलवादिनी. बेस गिटार मुळीच नाही. ब्लूजचा सांगाडा तेवढा ठेवून बाकीचे मांस काढून टाकावे, तसे ते वादन होते. तीन ध्वनिमुद्रिका काढून १९९२ च्या सुमारास हा बँड विसर्जित झाला.

त्यानंतर कॉलिन्सने डर्टबॉम्ब्सची जुळवाजुळव केली, ती मात्र नेमकी उलट पद्धतीने. गोरीजमध्ये बेस नव्हता. येथे दोन बेस गिटार आल्या. ढोलवादकही दोन. एका बेसचा आवाज स्वच्छ, आणि दुसऱ्याचा ‘फझ’ या यंत्रातून मुद्दाम फाडलेला. या यंत्रात ध्वनीच्या लहरींची शिखरे छाटली जातात आणि सुराला करवतीसारखी खरखर येते. सोल संगीताचा भार नेहमीच बेस आणि तालवाद्ये यांवर असतो; मोटाउनच्या गाण्यांतून जेम्स जेमरसनची बेस गिटार वगळली तर त्यांचा कणाच निघून जाईल. डर्टबॉम्ब्सच्या रचनेत हा भार दुप्पट झाला आणि त्याच्यावर गॅरेज रॉकचा कर्कशपणा चढला. दोन्ही घराण्यांचे गुण असे एकाच मांडणीत बसले.

१९९८ मध्ये त्यांची पहिली मोठी ध्वनिमुद्रिका निघाली, ती बरीचशी गोंगाटाची होती. खरी कीर्ती मिळाली ती २००१ मधील ‘अल्ट्राग्लाइड इन ब्लॅक’ या संग्रहाने. एक अपवाद वगळता यातील सर्व गाणी दुसऱ्यांची, आणि बहुतेक जुन्या सोल गायकांची : स्टीव्ही वंडर, स्मोकी रॉबिन्सन, मार्व्हिन गे, कर्टिस मेफील्ड, स्लाय स्टोन. त्यांच्याबरोबर डब्लिनमध्ये वाढलेला कृष्णवर्णीय रॉक गायक फिल लिनॉट याचेही एक गीत आहे. ही निवड विचारपूर्वक केलेली दिसते. ज्या शहराने सोल जगाला दिले, त्या शहरातील कृष्णवर्णीय माणूस हातात फाटक्या आवाजाची गिटार घेऊन ती गाणी गातो, तेव्हा तो दुसऱ्याच्या घरातील वस्तू उचलून आणत नाही. आपल्याच वाड्यातील कुलूप घातलेली खोली उघडतो.

त्याच वर्षी डेट्रॉइटच्या ‘व्हाइट स्ट्राइप्स’ या दोघांच्या बँडला अकस्मात मोठी प्रसिद्धी मिळाली आणि जगभरचे पत्रकार या शहराकडे धावले. डर्टबॉम्ब्सचा ढोलवादक बेन ब्लॅकवेल हा तर व्हाइट स्ट्राइप्सच्या जॅक व्हाइटचा भाचा. तरीही त्या लाटेचा मोठा लाभ डर्टबॉम्ब्सना झाला नाही. ‘इन द रेड’ या कॅलिफोर्नियातील लहान स्वतंत्र कंपनीकडेच त्यांच्या मोठ्या ध्वनिमुद्रिका निघत राहिल्या. लहान कंपनीजवळ जाहिरातीला पैसा नसतो. पण मागील यशाची नक्कल करा, असा तगादाही नसतो. या मोकळेपणाची किंमत डर्टबॉम्ब्सनी अल्प प्रसिद्धीच्या रूपाने मोजली.

मोकळेपणाचा उपयोग मात्र त्यांनी पुरेपूर केला. सोल गाण्यांच्या यशानंतर २००३ मध्ये त्यांनी स्वतःच्या रचनांची ध्वनिमुद्रिका काढली. २००५ मध्ये विखुरलेल्या लहान तबकड्यांवरील ५२ गाणी एकत्र आली. २०११ मधील ‘पार्टी स्टोअर’ हे सर्वांत धाडसी पाऊल. डेट्रॉइटचा तिसरा मोठा वारसा म्हणजे टेक्नो, हुआन ॲटकिन्स, डेरिक मे, केव्हिन सॉन्डरसन इत्यादी कृष्णवर्णीय तरुणांनी १९८० च्या दशकात इलेक्ट्रॉनिक यंत्रांवर घडविलेले नृत्यसंगीत. ते डर्टबॉम्ब्सनी गिटार आणि ढोल यांवर हातांनी वाजवून दाखविले. यंत्राचा अचूक ठेका माणसाच्या मनगटातून आला, की त्यात श्वास आणि थकवा दोन्ही ऐकू येतात. टेक्नोचा नामवंत रचनाकार कार्ल क्रेग स्वतः त्यांच्या साथीला बसला आणि त्याच्याच एका रचनेचे वादन वीस मिनिटांहून अधिक चालले. २०१३ मध्ये त्यांचा बालसुलभ, गोड चालींचा संग्रह निघाला. त्याच वर्षी जुलैमध्ये डेट्रॉइट महापालिकेने दिवाळखोरीचा अर्ज केला.

या बँडच्या विक्रीचे आकडे त्याची योग्यता सांगू शकणार नाहीत. प्रत्येक ध्वनिमुद्रिकेगणिक वेगळी वाट धरणाऱ्या कलावंताला मोठा श्रोतृवर्ग टिकविणे अवघड जाते, आणि डर्टबॉम्ब्सही त्याला अपवाद ठरले नाहीत. परंतु गॅरेज, सोल आणि टेक्नो या तिन्ही प्रकारांची पाळेमुळे एका शहराच्या मातीत शोधून ती एकाच साजावर वाजविणारे फार थोडे. कारखाने बंद पडले, घरे ओस पडली, मोटाउन निघून गेले. तरी त्या घरांतून एके काळी ऐकू येणारी गाणी आपलीच आहेत आणि ती सर्वच्या सर्व आपली आहेत, हा हक्क मिक कॉलिन्सने सोडला नाही. व्यापाऱ्यांच्या याद्यांनी शहराच्या ज्या स्मृतीचे तुकडे केले होते, ती त्याच्या वादनात पुन्हा अखंड ऐकू येते.