३० मार्च : चौतीस सामने, एकही पराभव नाही

३० मार्च १९८६. केंटकीमधल्या लेक्सिंग्टन शहरात अमेरिकेच्या महिला महाविद्यालयीन बास्केटबॉलची अंतिम लढत होती. टेक्सास विद्यापीठाने नामवंत खेळाडू शेरिल मिलरच्या बलाढ्य सदर्न कॅलिफोर्निया संघाला ९७-८१ असे नमवले आणि ३४ पैकी ३४ सामने जिंकून हंगाम संपवला. एनसीएए या अमेरिकेतील महाविद्यालयीन क्रीडा संघटनेच्या महिला स्पर्धेत अपराजित राहून विजेतेपद मिळवणारा हा पहिलाच संघ. क्लॅरिसा डेव्हिस या प्रथम वर्षाच्या खेळाडूने राखीव फळीतून येऊन २४ गुण मिळवले.

या संघाच्या प्रशिक्षक जोडी कॉनराडट. टेक्सासमधल्या गोल्डथ्वेट या छोट्या गावात जन्मलेल्या जोडी बेलर विद्यापीठाकडून खेळल्या. १९७६ मध्ये त्या टेक्सास विद्यापीठात आल्या. २००७ मध्ये निवृत्त झाल्या तेव्हा त्यांच्या खात्यावर ९०० विजय होते. पण त्यांचे मोठेपण एवढ्यावर मोजू नये. १९९२ ते २००१ या काळात संघ सांभाळतानाच त्या विद्यापीठाच्या महिला क्रीडा विभागाच्या संचालकही होत्या. सॉकर, सॉफ्टबॉल, रोइंगमध्ये मुलींचे संघ उभे राहिले ते याच काळात. १९९८ मध्ये बास्केटबॉलच्या नेस्मिथ हॉल ऑफ फेममध्ये त्यांचा समावेश झाला.