१४ एप्रिल १९४४ : मुंबई गोदीतील स्फोट

मुंबईच्या व्हिक्टोरिया गोदीत ‘फोर्ट स्टिकीन’ या मालवाहू जहाजाच्या १४ एप्रिल १९४४ रोजी दोन स्फोटांत चिंधड्या उडाल्या. शेकडो माणसे गेली; आग विझवायला धावलेले अग्निशमन दलाचे ६६ जवानही त्यांत होते. याला नुसता अपघात म्हणणे पटत नाही. सुमारे १,४०० टन स्फोटके पोटात असलेल्या या जहाजावर कराचीत कापसाच्या गाठी चढवल्या गेल्या. युद्धकाळात जहाजांचा तुटवडा होता, रिकामी जागा परवडत नव्हती, हे खरेच. पण तुटवड्याने फार तर एकत्र माल भरण्याचे समर्थन होईल. धोक्याचा लाल बावटा का लावला नाही, आणि दुपारी आग लक्षात आल्यावर जहाज खोल समुद्रात न्यायचे की तिथेच बुडवायचे हे ४ वाजून ६ मिनिटांच्या पहिल्या स्फोटापर्यंत का ठरले नाही, याचे उत्तर युद्धात सापडत नाही.