रुबेलाची लस मुलग्यांना कशाला?

२७ नोव्हेंबर २०१८ रोजी परभणीसह महाराष्ट्रभर गोवर-रुबेला लसीकरण मोहीम सुरू झाली. ९ महिन्यांपासून १५ वर्षांखालच्या सगळ्या मुला-मुलींना लस. आता प्रश्न असा, की रुबेलाचा मोठा धोका गरोदर बाईच्या पोटातल्या बाळाला. मग मुलग्यांना सुई कशाला? उत्तर इतिहासात सापडतं.

सिडनीचे नेत्रतज्ज्ञ नॉर्मन ग्रेग यांच्याकडे जन्मजात मोतीबिंदूची बाळं एकामागून एक येऊ लागली. त्यांनी आयांना आधीचे आजार विचारले, सहकाऱ्यांकडून नोंदी मागवल्या आणि १९४१ मध्ये निष्कर्ष मांडला: ७८ बाळांपैकी ६८ जणांच्या आयांना गरोदरपणात रुबेला झाला होता, बहुतेकींना सुरुवातीच्याच महिन्यांत. अनेक बाळांना हृदयदोषही होता. जन्मजात बहिरेपणाचा संबंध पुढे उलगडला. तुलनेसाठी निरोगी बाळांचा गट मात्र नव्हता, म्हणून शंका घेतल्या गेल्या. संशोधन पद्धती शिकताना हे उदाहरण जरूर वाचा.

१९६९ मध्ये अमेरिकेत लस आली. ब्रिटनने १९७० पासून ती फक्त शाळकरी मुलींना दिली. पण विषाणू लहान मुलांमध्ये फिरतच राहिला आणि लस हुकलेल्या बायकांपर्यंत पोचत राहिला. शेवटी १९८८ मध्ये मुलग्यांनाही लस सुरू झाली. ग्रीसमध्ये दोघांनाही लस होती, पण घेणारे कमी. त्यामुळे साथ मंदावली, आणि अनेक मुली ना लस ना लागण अशा मोठ्या झाल्या. १९९३ च्या साथीनंतर तिथे रुबेलाबाधित २५ बाळांची नोंद झाली. म्हणजे अर्धवट लसीकरण कधी कधी उलटतं. म्हणूनच आपल्याकडे एकदम इतका मोठा वयोगट घेतला, आणि पुढे नियमित लसीकरणात दोन डोस ठेवले.

परभणीत हा मुद्दा जास्तच टोकदार आहे. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणानुसार (२०१९-२१) जिल्ह्यातल्या २० ते २४ वर्षांच्या सुमारे ४८ टक्के स्त्रियांचं लग्न अठराच्या आत झालं होतं. तेव्हा 'लग्नाआधी बघू' या भरवशावर राहता येत नाही.

२०१८ मध्ये ज्या पंधराच्या पुढे होत्या, त्या मोहिमेतून सुटल्या. आज त्या आई होण्याच्या वयात आहेत. त्यांच्यापैकी किती जणी सुरक्षित आहेत? विषय शोधत असाल तर हा घ्या. आणि तुम्ही स्वतः त्या वयोगटातल्या असाल तर डॉक्टरांना आधीच विचारा: ही लस गरोदरपणात देत नाहीत, आणि घेतल्यावर किमान महिनाभर गर्भधारणा टाळायची असते.