राफाएल लेम्किन आणि वंशसंहाराचा कायदा

मनुष्यवधास शासन नाहीं असें राष्ट्र शोधून सांपडणार नाहीं. परंतु एखादा समाजच्या समाज राजाज्ञेनें नाहींसा करणें हा स्वतंत्र गुन्हा ठरावयास १९४८ साल उजाडावें लागलें. तो ठरविण्यासाठीं ज्यानें आपलें आयुष्य वेंचलें, तो राफाएल लेम्किन हा पोलंडमधील ज्यू वकील होता.

त्याचा जन्म १९०० सालीं, सध्यांच्या बेलारूसमधील एका खेड्यांत झाला. १९२१ सालीं बर्लिनच्या रस्त्यांत एका आर्मेनियन तरुणानें तलात पाशास गोळी घातली. पहिल्या महायुद्धांत आर्मेनियन लोकांची जी सरसहा कत्तल झाली, तिचा हा तुर्की मुत्सद्दी मुख्य सूत्रधार. विद्यार्थी लेम्किननें आपल्या प्राध्यापकास विचारलें, एकास मारणारा आरोपी होतो, तर लाखोंस मारणाऱ्यास कोणीं धरलें कसें नाहीं? उत्तर मोठें मासलेवाईक मिळालें: शेतकऱ्यानें स्वतःच्या कोंबड्या मारल्या तर त्याला विचारणारे तुम्ही कोण? राज्याचें सार्वभौमत्व तें हेंच! अशा उत्तरानें बहुतेक विद्यार्थ्यांचें समाधान होतें; लेम्किनचें झालें नाहीं.

१९३३ सालीं माद्रिदच्या कायदेपरिषदेकडे त्यानें पाठविलेली सूचना बारगळली. १९३९ सालीं पोलंड पडल्यावर तो लिथुआनिया, स्वीडन, रशिया व जपान असा फिरत १९४१ सालीं अमेरिकेस पोंचला. तेथें १९४४ सालीं प्रसिद्ध केलेल्या ग्रंथांत त्यानें जिंकलेल्या मुलुखांतील नाझी फर्मानें संगतवार मांडलीं, आणि वंशवाचक ग्रीक शब्दास वधवाचक लॅटिन प्रत्यय जोडून ‘जेनोसाइड’ हें नांव घडविलें. आपण त्यास वंशसंहार म्हणूं. न्यूरेंबर्गच्या आरोपपत्रांत तें आलें. निकालपत्रांत मात्र आलें नाहीं. स्वतः लेम्किनचे आईबापांसह ४९ आप्त या संहारांत गेले होते.

येथून पुढचें त्याचें काम वकिलाचें कमी आणि याचकाचें अधिक. हातीं अधिकार नाहीं, खिशांत पैसा नाहीं, अशा स्थितींत संयुक्त राष्ट्रसंघाच्या प्रतिनिधींना त्यानें तगादा लावून लावून भंडावून सोडलें. १९४६ सालीं ठराव मांडण्यास तीन राष्ट्रें पुढें आलीं: क्यूबा, पनामा आणि भारत. आपल्या शिष्टमंडळाच्या नेत्या विजयालक्ष्मी पंडित होत्या. स्वराज्य मिळण्यापूर्वींच आपण हें काम केलें, हें फारसें कोणाच्या लक्षांत नसतें. ९ डिसेंबर १९४८ रोजीं पॅरिसमध्यें करार मंजूर झाला. त्यासाठीं किंमत द्यावी लागली. एखाद्या समाजाची भाषा, ग्रंथ व देवळें नष्ट करणें हाहि संहारच, हें कलम लेम्किनला जिवाभावाचें होतें. तेंच गाळलें गेलें. माझ्या मतें हा त्याचा सर्वांत मोठा पराभव होय.

कराराच्या नांवांत शिक्षेच्या आधीं ‘प्रतिबंध’ हा शब्द आहे. पण प्रतिबंधाचा मार्ग म्हणून राष्ट्रसंघाच्या संस्थांकडे दाद मागावी, याहून फारसें कांहीं तो सांगत नाहीं. १९९४ सालीं रवांडांत सुमारें शंभर दिवसांत लाखों माणसें मारलीं गेलीं, तेव्हां बलाढ्य राष्ट्रें तो शब्द उच्चारण्याचेंहि टाळीत होतीं. कारण शब्द उच्चारला कीं कर्तव्य आलें. आंतरराष्ट्रीय न्यायासनानें या गुन्ह्याबद्दल पहिला आरोपी दोषी ठरविला तो १९९८ सालीं, त्याच संहाराच्या खटल्यांत. अमेरिकेनें करारास मान्यता दिली ती १९८८ सालीं.

तें पाहावयास लेम्किन नव्हता. शेवटचीं वर्षें दारिद्र्यांत काढून तो २८ ऑगस्ट १९५९ रोजीं न्यूयॉर्क येथें वारला. अंत्यविधीस मोजकीं माणसें होतीं. भारतानें त्याच्या करारास मान्यता दिली, ती आदल्याच दिवशीं.