आणीबाणीतील श्रमधोरण आणि यवतमाळ जिल्हा

आणीबाणीतील श्रमधोरण : २५ जून १९७५ ते २१ मार्च १९७७ या काळात भारतात अंतर्गत आणीबाणी अंमलात होती. या एकवीस महिन्यांत केंद्र शासनाने कामगारांविषयी घेतलेले निर्णय, ते घेण्याची पद्धती आणि त्यांचे परिणाम यांचा येथे परामर्श घेतला आहे. या धोरणाचा अभ्यास बहुधा मोठ्या औद्योगिक शहरांच्या अनुषंगाने केला जातो. तथापि कारखान्यांपेक्षा शेतमजुरीवर उपजीविका करणाऱ्यांची संख्या कितीतरी अधिक असलेल्या यवतमाळसारख्या जिल्ह्यात त्याची दुसरी बाजू स्पष्ट होते.

पार्श्वभूमी : संकटकाळाचे कारण देऊन संपावर निर्बंध घालण्याची प्रथा आणीबाणीपूर्वीची आहे. दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिश शासनाने भारत संरक्षण नियमांतील ८१-अ या नियमान्वये (१९४२) संपास मनाई करण्याचा व तंटा सक्तीने अभिनिर्णयाकडे सोपविण्याचा अधिकार स्वतःकडे घेतला. या तरतुदींचा गाभा औद्योगिक विवाद अधिनियम, १९४७ मध्ये कायम राहिला. मे १९७४ मधील देशव्यापी रेल्वे संप शासनाने मोठ्या प्रमाणावर अटकसत्र करून मोडून काढला. आणीबाणीतील धोरणाची दिशा या घटनेतच सूचित झाली होती.

निर्णयपद्धती : २७ जून १९७५ च्या राष्ट्रपतींच्या आदेशाने संविधानाच्या १४, २१ व २२ या अनुच्छेदांखालील हक्कांसाठी न्यायालयात दाद मागण्याचा अधिकार स्थगित झाला. वृत्तपत्रांवर अभ्यवेक्षण आले आणि विरोधी पक्षांच्या नेत्यांबरोबर कामगार संघटनांचे अनेक कार्यकर्तेही स्थानबद्ध झाले. श्रमविषयक महत्त्वाचे निर्णय प्रथम अध्यादेशाने व नंतर संसदेच्या औपचारिक संमतीने अंमलात आले. भारतीय श्रम परिषद ही जुनी त्रिपक्षीय संस्था बाजूस पडून तिच्या जागी राष्ट्रीय शिखर मंडळ नेमण्यात आले. त्यावर कोणत्या कामगार महासंघांना घ्यावयाचे, हे शासनच ठरवीत असे.

प्रमुख निर्णय : सप्टेंबर १९७५ च्या अखेरच्या आठवड्यात दोन अध्यादेश निघाले. पहिल्याने ८·३३ टक्के किमान बोनसची हमी काढून घेतली, तर दुसऱ्याने स्त्री-पुरुषांना समान कामासाठी समान वेतनाचा हक्क दिला. ऑक्टोबर १९७५ मध्ये वेठबिगारी नष्ट करण्याचा अध्यादेश निघाला. १९७६ मध्ये औद्योगिक विवाद अधिनियमात पाच-ब हे प्रकरण समाविष्ट होऊन तीनशे वा अधिक कामगार असलेल्या कारखान्यांत कामगारकपात व टाळेबंदी यांपैकी कपातीस, तसेच कारखाना कायमचा बंद करण्यास शासनाची पूर्वपरवानगी आवश्यक झाली. त्याच वर्षी आयुर्विमा महामंडळाने कर्मचाऱ्यांशी वाटाघाटीने केलेला बोनसचा करार संसदेच्या कायद्याने निष्फळ ठरविण्यात आला. हा कायदा सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्ये अवैध ठरविला. देणे आणि काढून घेणे या दोन्हींचा उगम एकच होता आणि दोन्ही प्रसंगी कामगारांचे मत विचारात घेण्याची गरज भासली नाही.

औद्योगिक शांततेचा शासनाने बराच गौरव केला. १९७४ मध्ये तंट्यांमुळे सु. ४ कोटी २ लाख श्रमदिन वाया गेले होते. १९७६ मध्ये हा आकडा सु. १ कोटी २७ लाखांवर आला. मात्र या श्रमदिनांपैकी तीन-चतुर्थांशांहून अधिक मालकांनी केलेल्या टाळेबंदीमुळे वाया गेले होते. संप थांबले, तरी टाळेबंदी थांबली नाही.

यवतमाळ जिल्ह्यातील स्थिती : जिल्ह्यातील संघटित कामगारवर्ग लहान होता. वणी तालुक्यातील कोळसा खाणींचे १९७३ मध्ये राष्ट्रीयीकरण झाले आणि नोव्हेंबर १९७५ मध्ये कोल इंडियाची स्थापना झाल्यानंतर त्या नागपूरस्थित वेस्टर्न कोलफील्ड्सच्या कक्षेत आल्या. कापसाच्या जिनिंग-प्रेसिंग कारखान्यांचे काम हंगामी. पाच-ब प्रकरणातून हंगामी कारखाने वगळले असल्याने तेथील मजुरांना त्या संरक्षणाचा लाभ नव्हता.

शेतमजुरांची स्थिती याहून वेगळी होती. त्यांना गमावण्यासारखा बोनस नव्हता व मोडण्यासारखा संपही नव्हता. त्यांच्या वाट्यास आले ते वीसकलमी कार्यक्रमातील किमान शेतमजुरीचा फेरविचार, कर्जनिवारण व वेठबिगारमुक्ती यांसारखे लाभ. परंतु गुढीपाडव्यास वर्षाचा करार करून उचल घेणारा सालगडी केव्हा वेठबिगार ठरतो, हे त्याच्या तक्रारीवाचून ठरणे कठीण होते. वेठबिगारीच्या कायद्याने स्थापावयाच्या दक्षता समित्यांचे सदस्य निवडून येत नसत. ते प्रामुख्याने जिल्हादंडाधिकाऱ्याने नामनिर्देशित केलेले असत. समान वेतनाचा कायदा समान स्वरूपाच्या कामापुरता होता. कापूस वेचणी व निंदणी ही कामे जवळजवळ सर्वस्वी स्त्रियांचीच असल्याने तुलनेस पुरुष मजूरच नसे आणि कमी दर कायद्याच्या कक्षेबाहेर राहत. अशा उणिवा दाखविणारी सभा, मोर्चा वा वृत्तपत्रीय टीका यांना त्या काळात वाव नव्हता.

मार्च १९७७ च्या लोकसभा निवडणुकीत उत्तर भारतात काँग्रेसचा पराभव झाला. विदर्भातील बहुतेक जागा मात्र तिच्याकडेच राहिल्या. ग्रामीण मजुरांना आणीबाणीतील घोषणांचे आकर्षण वाटले असावे, असा याचा एक अर्थ लावता येतो. परंतु मतदान हे मजुरीच्या दराविषयीचे मत नव्हे.

रोजगार हमी : याच काळातील रोजगार हमी योजनेचा इतिहास तुलनेसाठी उपयुक्त आहे. यवतमाळ जिल्ह्यातील पुसदचे वसंतराव नाईक मुख्यमंत्री असताना, १९७२ मध्ये ती राज्यात सुरू झाली. विधान परिषदेचे सभापती वि. स. पागे हे तिचे प्रवर्तक होत. तिच्या खर्चासाठी १९७५ मध्ये व्यवसाय कर बसविण्यात आला. आणीबाणी उठल्यानंतर १९७७ मध्ये विधिमंडळाने तिला कायद्याचे रूप दिले व २६ जानेवारी १९७९ पासून तो कायदा अंमलात आला. काम न मिळाल्यास बेकारी भत्ता मागण्याचा अधिकार त्यात होता. कामाची मागणी मजुरानेच करावयाची असल्याने कायद्याच्या अंमलात त्याचे स्थान केवळ लाभार्थ्याचे राहिले नाही.

मूल्यमापन : आणीबाणीतील सर्वच श्रमकायदे अहितकारक होते, असे म्हणता येत नाही. वेठबिगारीनिर्मूलन व समान वेतन यांची तत्त्वे पुढील शासनांनीही मान्य केली, तर किमान बोनसची हमी १९७७ मध्ये पूर्ववत झाली. दोष हेतूपेक्षा पद्धतीत अधिक होता. हक्क जाहीर करतानाच तो मागण्याची साधने, म्हणजे संघटना, सभा, वृत्तपत्र व न्यायालय, संकुचित करण्यात आली. शहरी कामगारास ही साधने पूर्वी उपलब्ध असल्याने त्यांची हानी त्यास तत्काळ जाणवली. यवतमाळच्या शेतमजुरास ती फारशी लाभलीच नव्हती. त्यामुळे त्याच्या दृष्टीने आणीबाणीतील मौन हे नेहमीच्या मौनाहून फारसे निराळे नव्हते. संघटनेच्या अभावी लोकशाहीतील श्रमिकही कोणत्या अवस्थेत राहू शकतो, याचे हे गंभीर निदर्शक होय.